दोन विमानांमधले इस्तंबूल

आगबोटींच्या काळी मुंबईहून विलायतेस निघालेल्या उतारूला पहिला मोठा थांबा एडनचा असे. बोटीच्या भट्ट्यांसाठी कोळसा भरून घ्यायचा म्हणजे काही तास नांगर टाकणे प्राप्तच होते. आणि त्या अवधीत डेकवर कोळशाची धूळ खात बसण्यापेक्षा मचव्यातून किनारा गाठावा, एखादी घोडागाडी ठरवावी, माहितगार वाटाड्या सोबत घ्यावा आणि ज्वालामुखीच्या खडकात प्राचीन काळी खोदून-बांधून काढलेली पाण्याची प्रचंड टाकी पाहून यावीत, हा त्या वाटेवरच्या प्रवाशांचा शिरस्ताच पडून गेला होता. १८३९ मध्ये इंग्रजांनी एडन घेतले तेव्हापासून १९३२ पर्यंत त्या बंदराचा कारभार मुंबई सरकारच्या अखत्यारीत होता. त्यामुळे मुंबईचा उतारू एका अर्थी आपल्याच इलाख्याचे शेवटचे टोक पाहून पुढे परमुलखात जात असे. बोट पुन्हा सुवेझकडे वळली, की ती निर्जल खडकाळ भूमी आणि तिने पावसाचा थेंब न् थेंब साठवण्यासाठी केलेली ती खटपट त्याच्या स्मरणात राही, आणि प्रवासवर्णन लिहिण्याची हौस असेल तर त्याच्या पुस्तकात एडनला एखादे प्रकरणही मिळे.

विमानाने समुद्र पुसून टाकला, परंतु थांबा पुसला नाही. मुंबईहून अमेरिकेस किंवा युरोपच्या दूरच्या शहरांस निघालेल्या मराठी कुटुंबांना आज दोहा, दुबई, अबू धाबी, इस्तंबूल, फ्रँकफर्ट अशा कोठल्या ना कोठल्या ठिकाणी विमान बदलावे लागते, आणि पुष्कळदा दोन विमानांच्या मध्ये आठ-दहा तासांची, कधी त्याहूनही मोठी पोकळी राहते. ही पोकळी बहुतेक लोक विमानतळाच्या खुर्च्यांवर पेंगत, चकचकीत दुकानांतील अत्तरांच्या बाटल्या न्याहाळत आणि फलकावरील आकड्यांकडे पाहत घालवतात. काचेपलीकडे, तासाभराच्या अंतरावर, दोन-अडीच हजार वर्षांचे एखादे शहर उभे असते. आणि आपण त्या शहराला ‘गेलो होतो’ असे म्हणू शकत नाही, कारण त्याच्या भूमीला पाय लागलेला असूनही आपण तेथे गेलेले नसतो. हा थांबा म्हणजे प्रवासातील अपव्यय नसून प्रवासाचाच एक स्वतंत्र प्रकार आहे, आणि योग्य माणसाच्या सोबतीने तो केला तर त्यातून मिळणारे ज्ञान आठवडाभराच्या धावपळीच्या सहलीहून उणे ठरत नाही, असे माझे मत इस्तंबूलने दृढ केले. त्या मताची कारणे येथे सविस्तर मांडण्याचा माझा विचार आहे.

काळाचा जमाखर्च

प्रथम व्यवहाराची बाजू. इस्तंबूलचा नवा विमानतळ शहराच्या वायव्येस, काळ्या समुद्राच्या किनाऱ्यालगत, जुन्या उघड्या कोळसाखाणींच्या जागेवर बांधलेला आहे. त्याचे उद्घाटन २९ ऑक्टोबर २०१८ रोजी झाले आणि एप्रिल २०१९ मध्ये प्रवासी विमानांची सगळी वाहतूक जुन्या अतातुर्क विमानतळावरून तेथे हलवण्यात आली. तेथून जुन्या शहरातील सुलतानअहमद पेठ सुमारे चाळीस किलोमीटरांवर आहे. रस्ता मोकळा असेल तर पाऊण तासात गाडी पोहोचते, परंतु सायंकाळच्या गर्दीत त्याच अंतराला दुप्पट वेळ लागू शकतो. उतरल्यावर पारपत्राच्या तपासणीस एक तास, जाण्यायेण्यास मिळून अडीच तास, आणि पुढच्या विमानापूर्वी अडीच-तीन तास हाताशी, असा हिशेब मांडला म्हणजे बारा तासांच्या थांब्यातून प्रत्यक्ष शहरासाठी सहा तास पदरी पडतात. आठ तासांहून कमी अवधी असेल तर विमानतळ सोडू नये, हे उत्तम. कारण घड्याळाच्या भयाने पाहिलेले शहर पाहिल्यासारखे होत नाही.

दुसरा प्रश्न प्रवेश-परवान्याचा. भारतीय पारपत्रधारकास तुर्कस्तानात उतरण्यास व्हिसा लागतो. तथापि अमेरिका, ब्रिटन, आयर्लंड किंवा शेंगेन देशांचा चालू व्हिसा अथवा वास्तव्याचा परवाना ज्याच्यापाशी आहे, त्यास घरबसल्या इलेक्ट्रॉनिक व्हिसा काढण्याची सवलत आहे. हे नियम सरकारे वेळोवेळी बदलतात, म्हणून निघण्यापूर्वी तुर्की परराष्ट्र खात्याच्या अधिकृत संकेतस्थळावरच खात्री करून घ्यावी. मोठे सामान बहुधा थेट अंतिम मुक्कामाच्या नावे रवाना झालेले असते. हातातील पेटी विमानतळावरच अनामत ठेवता येते.

तिसरा प्रश्न, कोणाबरोबर जावे? सिंगापूरच्या चांगी विमानतळावर थांबलेल्या प्रवाशांसाठी विनामूल्य सहली निघतात. तुर्की विमानकंपनीही आपल्या प्रवाशांना इस्तंबूलची फुकट सहल घडवते. या व्यवस्थांचे मोल मी कमी लेखत नाही. एकट्या, तरुण, काटकसरी प्रवाशास त्या वरदानच आहेत. पण बसभर माणसांना एकाच पताकेमागून चालवायचे म्हणजे सर्वांत हळू चालणाऱ्याची गती आणि सर्वांत उथळ कुतूहलाची खोली हीच त्या सहलीची मर्यादा होऊन बसते. खासगी मार्गदर्शक आपल्या प्रकृतीकडे, वयाकडे, आहाराकडे आणि विशेषतः आपल्या जिज्ञासेकडे पाहून वाट आखू शकतो. आम्ही दोघे मुलीकडे अमेरिकेस चाललो होतो, सकाळी उतरून रात्रीचे विमान होते. आणि तेथील सनदी मार्गदर्शकांपैकी एका प्रौढ वयाच्या बाईंशी आम्ही आधीच पत्रव्यवहार करून ठेवला होता.

सनदी मार्गदर्शक

‘सनदी’ हा शब्द मी जाणूनबुजून योजला आहे. तुर्कस्तानात वाटाड्याचा धंदा हा कोणीही उठून करावा असा धंदा नव्हे. २०१२ च्या कायद्याने त्या व्यवसायाचे नियमन केले असून, मार्गदर्शकाला विहित शिक्षण, परदेशी भाषेची परीक्षा आणि सरकारी परवाना यांतून जावे लागते. परवान्याचे ओळखपत्र काम करताना गळ्यात दिसेल असे बाळगावे लागते. व्यवसायाच्या स्थानिक संघांत नाव नोंदवावे लागते. आणि किमान मेहनताना दरवर्षी संस्कृती व पर्यटन मंत्रालयाकडून ठरवला जातो. हा मेहनताना दिवसाचा असतो, डोक्यागणिक नव्हे. म्हणजे दोघांनी घेतला काय किंवा पाच जणांच्या कुटुंबाने घेतला काय, रक्कम साधारण तीच. प्रवेशशुल्के, गाडी आणि भोजन यांचा खर्च निराळा. बिनपरवाना वाटाड्यांना दंडाची तरतूद आहे, तरीही विमानतळाबाहेर आणि मशिदींच्या प्रांगणांत स्वस्त सौदा घेऊन असे लोक भेटतातच. त्यांच्या वाटा बहुधा गालिच्यांच्या दुकानापाशी जाऊन संपतात. म्हणून पहिल्याच पत्रात ‘दुकाने नकोत’ असे स्पष्ट लिहावे. जो व्यवसायनिष्ठ आहे त्याला त्याचा रागही येत नाही आणि आश्चर्यही वाटत नाही.

बाईंनी आमच्याकडून तीन गोष्टी जाणून घेतल्या : किती चालवते, काय खाता, आणि घरी फावल्या वेळी काय वाचता. तिसऱ्या प्रश्नाच्या उत्तरात मी, आमच्याकडील जुन्या शहरांच्या पाणीपुरवठ्याविषयी मला फार ओढ आहे, असे कळवले होते. औरंगाबादची मलिक अंबरची नहर आणि कात्रजहून पुण्यास आणलेले पेशवाईतील पाणी यांविषयी दोन ओळी लिहिल्या होत्या. त्या दोन ओळींवर त्यांनी आमचा सबंध दिवस उभा केला. कीर्तनकार जसा निरूपणासाठी एकच अभंग घेतो आणि श्रुति-पुराणांतले सारे त्याच्याभोवती आणून बसवतो, तसे त्यांनी इस्तंबूलचे पाणी हाती घेतले, आणि सम्राट, सुलतान, धर्म, युद्धे ही सारी त्याच्या काठाकाठाने दाखवली.

कमानींपासून घुमटापर्यंत

या शहराचे दुर्दैव असे की ते तिन्ही बाजूंनी पाण्याने वेढलेले आहे आणि ते सगळे पाणी खारट आहे. मारमारा समुद्र, बॉस्फरसची सामुद्रधुनी आणि सुवर्णशृंग नावाची खाडी यांच्यामध्ये शिरलेल्या या भूशिरावर रोमन सम्राट कॉन्स्टंटाइनने इ.स. ३३० मध्ये आपली नवी राजधानी स्थापिली. परंतु लाखो माणसांना पुरेल असे गोडे पाणी तेथे नव्हते. म्हणून थ्रेसच्या डोंगराळ मुलखातून, शाखांसह चारशे किलोमीटरांहून अधिक लांबीचे कालवे काढून, पाणी राजधानीत आणण्यात आले. त्यातलाच एक दुवा म्हणजे चौथ्या शतकात सम्राट व्हॅलेन्सच्या काळी पूर्ण झालेला दुमजली कमानींचा पूल. बाईंनी गाडी मुद्दाम त्या वाटेने घेतली. त्या कमानींखालून आज शहराचा एक हमरस्ता जातो, आणि सोळा शतकांच्या त्या दगडी पायांमधून बसगाड्या आणि मोटारी अखंड वाहत असतात. प्राचीन वास्तू कुंपण घालून एकांतात ठेवण्याऐवजी तिच्या पोटातून नित्याचा व्यवहार वाहू देणारी शहरे फार थोडी असतात. इस्तंबूल त्यांपैकी एक आहे.

तेथून टेकडीवरची सुलेमानिया मशीद जवळ. १५५० ते १५५७ या काळात, सुलतान सुलेमानच्या आज्ञेवरून, सिनान या वास्तुविशारदाने ती उभारली. तीन सुलतानांच्या पदरी सुमारे पन्नास वर्षे प्रमुख स्थपती म्हणून राहिलेला हा पुरुष; त्याने मशिदी बांधल्या तसे पूल, स्नानगृहे आणि जलसेतूही बांधले, आणि सोळाव्या शतकात वाढत्या शहराला उत्तरेकडच्या अरण्यातून पाणी पुरवणारी ‘कर्कचेश्मे’ ही योजना त्याच्याच देखरेखीखाली पार पडली. सुलेमानियाचा घुमट त्रेपन्न मीटर उंच आहे. पण बाईंनी आम्हांला घुमटाखाली अल्पकाळच थांबवले आणि बाहेरच्या परिसराकडे नेले. मशिदीभोवती पाठशाळा, रुग्णालय, धर्मशाळा, स्नानगृह आणि गोरगरिबांसाठी अन्नछत्र असा सगळा संसार एकाच आराखड्यात बसवलेला आहे, आणि तो चालवण्यासाठी उत्पन्ने वक्फ करून दिलेली होती. देवस्थानाच्या इनामांतून चालणारी अन्नछत्रे व पाठशाळा ज्यांनी आपल्याकडे पाहिल्या आहेत, त्यांना ही व्यवस्था परकी वाटणार नाही. सिनानची स्वतःची कबर त्या सुलतानी परिसराबाहेर, रस्त्याच्या कोपऱ्यावर आहे. लहानशी, आणि तिच्या टोकाला वाटसरूंसाठी पाणपोई. ज्याने सम्राटांसाठी आकाशाएवढे घुमट पेलले, त्याने आपल्या नावाने मागे एवढेच ठेवावे, यातील औचित्य पाहून मन भरून आले.

मशिदीसमोरच्या ओळीत पांढऱ्या घेवड्याची उसळ आणि भात देणाऱ्या जुन्या खाणावळी आहेत. शाकाहारी माणसाने येथे एक विचारणा अवश्य करावी, कारण ही उसळ पुष्कळ ठिकाणी मांसाच्या रसात शिजवतात; बाईंनी ती चौकशी आधीच करून ठेवली होती. मसुरीचे सार, ऑलिव्ह तेलात शिजवून थंड वाढलेल्या भाज्या, द्राक्षाच्या पानांत गुंडाळलेला भात आणि दही, एवढ्यावर शाकाहारी माणसाचे जेवण येथे उत्तम होते.

नंतर आया सोफिया. या वास्तूविषयी इतके लिहिले गेले आहे की नवे काही सांगण्याचा आव आणणे धाडसाचे होईल; तरी तिचा क्रम सांगितल्यावाचून पुढे जाता येत नाही. ५३२ च्या जानेवारीत राजधानीत मोठे बंड झाले आणि जुने चर्च जळाले. सम्राट जस्टिनियनने अँथेमियस आणि इसिडोर या दोन गणितज्ञ स्थपतींच्या हाती काम सोपवले, आणि सहा वर्षेही पुरती झाली नव्हती तोच, २७ डिसेंबर ५३७ रोजी, हे नवे चर्च सिद्ध झाले. भूकंपांनी खिळखिळा झालेला पहिला घुमट ५५८ मध्ये कोसळला. थोरल्या इसिडोरच्या पुतण्याने तो अधिक उंच करून पुन्हा उभारला, आणि पुढे आणखी पडझडी व दुरुस्त्या सोसून तोच घुमट आज आपल्या माथ्यावर, जमिनीपासून सुमारे पंचावन्न मीटरांवर आहे. त्याच्या पायथ्याशी चाळीस खिडक्यांची माळ आहे. तिच्यातून येणाऱ्या प्रकाशामुळे तो घुमट भिंतींवर टेकलेला न वाटता अधांतरी वाटतो. १४५३ मध्ये सुलतान महंमदाने शहर जिंकले तेव्हा या चर्चची मशीद झाली, १९३४ च्या मंत्रिमंडळ निर्णयाने संग्रहालय झाले, आणि २०२० च्या जुलैत पुन्हा मशीद झाली. परदेशी प्रवाशांना आता तिकीट काढून वरच्या सज्ज्यातून ती पाहावी लागते.

वरच्या सज्ज्यात तेराव्या शतकातील ख्रिस्ताचे ते विख्यात कुट्टिमचित्र आहे. अर्धे झडलेले, पण मुखावरील करुणा यत्किंचितही न झडलेली. समोर घुमटाखाली साडेसात मीटर व्यासाच्या वर्तुळाकार फलकांवर अल्ला, महंमद, पहिले चार खलिफा आणि हसन-हुसेन यांची नावे एकोणिसाव्या शतकातील सुलेखनकाराने रेखलेली आहेत. दोन धर्मांची उपासना एकाच प्रकाशात अशी समोरासमोर नांदताना पाहून माणूस काही काळ निःशब्द होतो. परंतु बाईंनी आम्हांला नेले ते दक्षिणेकडच्या संगमरवरी कठड्यापाशी. तेथे, हाताने चाचपावे लागेल इतक्या पुसट अक्षरांत, नवव्या शतकाच्या सुमारास उत्तरेकडून आलेल्या कोणा व्हायकिंगने आपले नाव कोरून ठेवले आहे. ‘हाफ्दान’ एवढेच त्यातले आज वाचता येते, आणि ते नाव विद्वानांच्या दृष्टीस पडले १९६४ मध्ये. बाल्टिकपासून नद्यांच्या वाटेने आलेला तो बहुधा सम्राटाच्या पदरचा भाडोत्री शिपाई असावा. उपासना दीर्घकाळ चालली असेल, भाषा समजत नसेल, आणि परमुलखात आपण येऊन गेलो याची काहीतरी खूण राहावी असे त्याला वाटले असेल. कोणत्याही छापील मार्गदर्शिकेत हे नाव सापडेल. पण अकराशे वर्षांपूर्वीच्या एका थांबलेल्या प्रवाशाशी आमची भेट घडवावी, हे ज्या माणसाला सुचते त्यालाच मार्गदर्शक म्हणावे.

भूमीखालचे पाणी

आया सोफियापासून चार पावलांवर, तोपकापी राजवाड्याच्या महाद्वाराबाहेर, सुलतान तिसऱ्या अहमदाने १७२८ मध्ये बांधलेले कारंजे आहे. कारंजे म्हणण्यापेक्षा त्यास पाणपोईचा महाल म्हणावे. चार भिंतींना चार तोट्या आणि चार कोपऱ्यांत जाळीआडून वाटसरूंना पाणी देणारे चार गवाक्ष. राजवाड्यात मात्र आम्ही गेलो नाही. सुलतानांची मसलत जेथे भरे ते दिवाणखाने, खजिना, मुदपाकखाना, अंतःपुर, हे सर्व पाहायचे तर अर्धा दिवस हवा, आणि तेवढा घेतला तर समुद्र हातचा जाईल, असे बाईंनी आधीच सांगितले होते. काय वगळावे हे सांगण्याचे धैर्य हीच या विद्येची खरी परीक्षा आहे, असे मला त्या क्षणी वाटले.

रस्ता ओलांडून आम्ही भूमीखाली उतरलो. तुर्की लोक ज्याला ‘येरेबातान’ म्हणतात ते हे सहाव्या शतकातील जलमंदिर, जस्टिनियनच्याच काळचे. सुमारे एकशेचाळीस मीटर लांब व सत्तर मीटर रुंद अशा या पाताळात, अठ्ठावीस-अठ्ठावीस स्तंभांच्या बारा रांगांत, ३३६ संगमरवरी स्तंभ विटांच्या कमानी पेलून उभे आहेत, आणि भरले असता त्यात सुमारे ऐंशी हजार घनमीटर पाणी राही. कालव्यांतून आलेले पाणी असे साठवले म्हणजे वेढा पडला तरी शहर तहानेने शरण जात नसे. स्तंभ बहुतेक जुन्या पडलेल्या इमारतींतून आणलेले. दोहोंच्या तळाशी सर्पकेशा मेदूसाची मस्तके आहेत, एक आडवे आणि एक उलटे. घाईने काम करणाऱ्या स्थपतींना त्या जागी हव्या त्या उंचीचे दगड हवे होते, एवढेच त्याचे कारण पुष्कळ अभ्यासक देतात.

या जागेची एक कथा मला सर्वाधिक भावली. तुर्की अंमल आल्यानंतर हे टाके लोकांच्या विस्मरणात गेले होते. सोळाव्या शतकाच्या मध्यास, फ्रान्सच्या राजाने हस्तलिखिते मिळवण्यासाठी पाठवलेला पिएर जिल नावाचा विद्वान प्राचीन शहराच्या खुणा शोधत येथे हिंडत होता. येथील रहिवासी आपल्या घरांच्या तळघरांतून बादल्या सोडून पाणी काढतात आणि मासेसुद्धा धरतात, हे त्याच्या कानी आले. त्याने एका घराच्या तळघरातून खाली उतरून, होडीत बसून, मशालीच्या उजेडात स्तंभांमधून फेरी मारली आणि त्याचे वर्णन लिहून ठेवले. म्हणजे ज्यांच्या घराखाली ते होते त्यांना त्याचा उपयोग ठाऊक होता, पण इतिहास ठाऊक नव्हता. आणि इतिहास शोधणाऱ्या परक्या माणसाला ते सापडले ते घरच्यांनी दार उघडले म्हणून. परका जिज्ञासू आणि वाट दाखवणारा स्थानिक यांच्या परस्परसाह्याने ज्ञान पुढे जाते, याचे याहून स्वच्छ उदाहरण मला ठाऊक नाही.

बॉस्फरसवर

दिवस कलू लागला तेव्हा आम्ही एमिनोनूच्या धक्क्यावरून आशिया खंडाकडे जाणाऱ्या साध्या प्रवासी बोटीत बसलो. पर्यटकांच्या सजवलेल्या नौका सोडून बाईंनी हीच बोट निवडली, कारण तिच्यात कचेरीतून घरी जाणारी माणसे होती, शाळेची पोरे होती, तिळाचे कडीच्या आकाराचे पाव विकणारे होते, आणि लहान कंबरदार पेल्यांतून मिळणारा लाल चहा होता. एप्रिलची अखेर होती आणि किनाऱ्यांच्या उतारांवर ‘एर्गुवान’ म्हणतात ती झाडे जांभळ्या-गुलाबी फुलांनी निष्पर्ण अंगावर बहरली होती.

बॉस्फरस सुमारे तीस किलोमीटर लांब आहे आणि सर्वांत अरुंद ठिकाणी जेमतेम सातशे मीटर रुंद. त्याचे खरे नवल मात्र पृष्ठभागाखाली आहे. वरचे, कमी खारे पाणी काळ्या समुद्राकडून मारमाराकडे वाहते, आणि तळाशी जड खारे पाणी उलट दिशेने, मारमाराकडून काळ्या समुद्राकडे. लुइजी मार्सिली या इटालियन तरुणाने सतराव्या शतकात वजन बांधलेली दोरी पाण्यात सोडून, तिला रंगवलेले बुचाचे तुकडे लावून, हे दोन प्रवाह प्रयोगाने दाखवून दिले. समुद्रविज्ञानाच्या इतिहासात तो प्रयोग आरंभीचा मानला जातो. कोळ्यांना ही गोष्ट त्यापूर्वीच ठाऊक होती, आणि मार्सिलीने ती त्यांच्याकडून ऐकली होती.

उजव्या हाताला, आशियाच्या किनाऱ्यावर, सेलिमिये बराकीची चार मनोऱ्यांची अवाढव्य इमारत दिसते. क्रिमियाच्या युद्धात येथेच जखमी इंग्रज सैनिकांचे इस्पितळ होते आणि १८५४ मध्ये फ्लॉरेन्स नाइटिंगेल येथे दाखल झाली. घाणेरडे पाणी आणि तुंबलेली गटारे यांनी शत्रूच्या गोळ्यांहून अधिक माणसे मरतात, हे सत्य या भिंतींतल्या अनुभवाच्या आकड्यांतून तिने पुढे जगापुढे मांडले. हिंदुस्थानातील पाणी, निचरा आणि सार्वजनिक आरोग्य यांविषयी तिने त्यानंतर अनेक वर्षे लिहिले, आणि पुण्याच्या सार्वजनिक सभेशीही तिचा पत्रव्यवहार होता. म्हणजे आमच्या बोटीतून दिसणाऱ्या त्या बराकीपासून एक धागा थेट पुण्यापर्यंत येतो.

दुसरा धागा समोरच्या किनाऱ्यावर होता. दोल्माबाहचे राजवाड्याची शुभ्र रेषा दूरवर पाण्यालगत दिसत होती. तुर्की गणराज्याने ३ मार्च १९२४ रोजी खिलाफत रद्द केली आणि शेवटचा खलिफा दुसरा अब्दुलमजीद याला त्याच रात्री या राजवाड्यातून काढून, शहराबाहेरच्या एका लहान स्थानकावरून आगगाडीने देशाबाहेर धाडले. ज्या खिलाफतीसाठी मुंबईत सभा आणि हरताळ झाले होते, तिचा शेवट असा एका रात्रीत झाला. पुढे निजामाने या निर्वासित खलिफास आश्रयवेतन दिले, आणि १९३१ मध्ये फ्रान्समधील नीस येथे त्याची कन्या दुर्रुशेहवार हिचा निजामाच्या थोरल्या पुत्राशी विवाह झाला. मराठवाडा ज्या राज्यात होता त्या राज्याची ती सून झाली. खलिफासाठी खुलताबादेजवळ एक कबरही बांधण्यात आली होती. तो १९४४ मध्ये पॅरिसमध्ये वारला, त्याचा देह अखेर मदिनेस नेऊन पुरला, आणि मराठवाड्यातील ती कबर रिकामीच राहिली. बाईंना दुर्रुशेहवारची कथा ठाऊक होती. खुलताबादची कबर ठाऊक नव्हती. ती मी त्यांना सांगितली, त्यांनी ती आपल्या वहीत टिपून घेतली, आणि पुढच्या भारतीय प्रवाशांना आपण ती येथेच, या बोटीवर सांगू, असे म्हणाल्या.

अल्पकाळाचे मोल

असा थांबा म्हणजे शहराचा अपमान आहे, काही तासांत शहर ‘उरकण्याची’ ही हाव आहे, असा आक्षेप जाणते प्रवासी घेतात, आणि तो दुर्लक्षण्याजोगा नाही. आम्ही तोपकापी पाहिला नाही. सुलतान अहमदची सहा मिनारांची मशीद बाहेरूनच पाहिली. बोगद्याच्या कामासाठी खणताना येनिकापीला जेथे ३७ प्राचीन नौकांचे सांगाडे हाती आले, ती जागा आम्ही केवळ नकाशावर पाहिली. परंतु महिनाभर राहणाऱ्यासही असे शहर संपत नाही. प्रश्न किती पाहिले हा नसून, जे पाहिले ते कशाशी कसे जोडले गेले हा आहे. ज्याच्या हाती एक सूत्र आहे त्याला सहा तासांतही शहराची रचना कळते. ज्याच्या हाती सूत्र नाही त्याला सहा दिवसांत केवळ स्थळांची यादी मिळते. आणि सूत्र हाती देण्यासाठी त्या शहरात आयुष्य घालवलेला, त्याचा अभ्यास केलेला, आणि आपल्या कामाचा योग्य मोबदला मिळणारा माणूस लागतो. ते काम ना यंत्राचे आहे, ना पुस्तकाचे.

हे पाहिल्यावर मुंबईकडे दृष्टी वळल्याशिवाय राहत नाही. आपल्याही विमानतळावर थांबलेले परदेशी प्रवासी असतात, आणि तेथून तासाभराच्या वाटेवर कान्हेरीची लेणी आहेत : शंभराहून अधिक विहार व चैत्य, आणि डोंगरावरचे पावसाचे पाणी पाटांनी वळवून लेण्यालेण्याशी खोदलेल्या टाक्यांत साठवण्याची दोन हजार वर्षांपूर्वीची योजना. तेथील एका लेण्यात पहलवी लिपीतले लेख आहेत. १००९ आणि १०२१ या साली लेणी पाहावयास आलेल्या पारशी प्रवाशांनी ते आपली नावे घालून कोरले आहेत. हाफ्दानचे नाव आया सोफियात दाखवले जाते. या पाहुण्यांची नावे दाखवणारा कोणी कान्हेरीच्या पायऱ्यांवर प्रवाशाला सहजी भेटत नाही. आपल्या पर्यटन खात्याने आणि विद्यापीठांतील इतिहास व पुरातत्त्व विभागांनी मिळून, शिकलेल्या, परीक्षा दिलेल्या आणि योग्य मोबदला मिळणाऱ्या मार्गदर्शकांचा वर्ग मुंबईसाठी उभा करावा, आणि थोड्या तासांसाठी आलेल्या पाहुण्याला त्यांच्यापर्यंत पोहोचता येईल अशी सोय विमानतळावरच करावी.

वाचकांना एवढेच सांगावयाचे आहे. पुढच्या प्रवासात थांबा आठ तासांहून मोठा असेल तर तिकीट काढतानाच त्याचा विचार करा, प्रवेश-परवान्याची चौकशी आधी करा, सनदी मार्गदर्शकाला महिनाभर अगोदर लिहा, स्थळांची यादी धाडण्याऐवजी आपली आवड कळवा, मेहनतान्यात घासाघीस करू नका, आणि तो जे वगळा म्हणेल ते निःशंक मनाने वगळा.